जाँ गाबँ: 1945 ते 1954, एका नटाच्या पडत्या काळाचा हिशेब

जाँ गाबँची गोष्ट बहुतेक ठिकाणी अशी सांगितली जाते: युद्धाआधी तो फ्रान्सचा सर्वांत मोठा नट होता, युद्धावरून परतला तो पिकलेल्या केसांनी, लोकांनी पाठ फिरवली, आणि नऊ वर्षांनी 'तुशे पा ओ ग्रिस्बी' या एका चित्रपटाने त्याला पुन्हा वर काढलं. सांगायला सोयीची गोष्ट आहे. पण या नऊ वर्षांतले चित्रपट ओळीने लावून पाहिले की ती जागोजागी उसवते. गाबँला या काळात काम मिळत होतं. बक्षिसंही मिळत होती. मिळत नव्हती ती त्याच्या वयाला शोभेल अशी गोष्ट, आणि ती न मिळण्यात खुद्द गाबँचाही हात होता. या लेखात तेवढंच एक प्रकरण तपासायचं आहे. सगळं चरित्र नाही.

युद्धाआधीचं भांडवल

तरीही थोडं मागे जावं लागेल, कारण पुढचं नुकसान नेमकं कशाचं झालं ते त्याशिवाय कळत नाही.

गाबँचं खरं आडनाव माँकॉर्झे. जन्म पॅरिसचा, 17 मे 1904. आईवडील दोघंही कॅफेंमधून आणि छोट्या थिएटरांतून गाणारे. 'गाबँ' हे वडिलांनी रंगमंचासाठी घेतलेलं नाव. बालपण पॅरिसच्या उत्तरेला मेरिएल या गावात गेलं. तिथे घराजवळून रेल्वे जायची आणि पोराला व्हायचं होतं इंजिन ड्रायव्हर. वडिलांनी त्याला फोली-बर्झेर या पॅरिसच्या नाचगाण्यांच्या थिएटरमध्ये नेऊन उभं केलं. पुढे नौदलातली सक्तीची नोकरी, फुटकळ कामं, मग मुलँ रूझ या तशाच थिएटरमध्ये मिस्तँगेत या लोकप्रिय गायिकेच्या कार्यक्रमांत गाणी. 1930 साली बोलपट आला तेव्हा त्याच्याकडे कमावलेला आवाज होता आणि पॅरिसच्या कष्टकरी वस्त्यांमधली बोली होती. नाटकातून आलेले बाकीचे नट पल्लेदार बोलत असताना हा माणूस तोंडातल्या तोंडात, सिगारेट न काढता बोलायचा, आणि तरी शब्द न् शब्द ऐकू यायचा.

1935 ते 1939 या पाच वर्षांत त्याने जे केलं त्याला फ्रेंच सिनेमात तोड नाही. दिग्दर्शक द्युव्हिव्हिएचा 'ला बांदेरा' आणि 'पेपे ल मोको', रेन्वारचा 'ला ग्रांद इल्युझियाँ' आणि 'ला बेत युमेन', ग्रेमियाँचा 'गल दामूर', दिग्दर्शक कार्ने आणि पटकथाकार प्रेव्हेर या जोडीचे 'ल के दे ब्र्युम' आणि 'ल झूर स लेव्ह'. आपल्याकडे फिल्म सोसायट्यांमुळे 'ला ग्रांद इल्युझियाँ' बऱ्याच जणांनी पाहिलेला असतो, पण गंमत अशी की गाबँच्या प्रतिमेच्या दृष्टीने तो अपवाद आहे. त्यात तो जिवंत सुटतो. एरवी या काळातला गाबँ मरतो. अल्जिअर्सच्या बंदरात, फाटकाच्या गजांआडून निघालेलं जहाज बघत, तो स्वतःला संपवतो. ल हाव्र बंदरात पळपुटा सैनिक म्हणून येतो आणि रस्त्यात गोळी खातो. धावत्या इंजिनावरून उडी टाकतो. 'ल झूर स लेव्ह'मध्ये तर अख्खा चित्रपटच वरच्या मजल्यावरच्या खोलीत कोंडून घेतलेल्या एका कामगाराची शेवटची रात्र आहे. सकाळी तो स्वतःवर गोळी झाडतो.

समीक्षक आंद्रे बाझँने युद्धानंतर गाबँवर एक लेख लिहिला. इतर नटांच्या चित्रपटाला गोड शेवट नसेल तर लोक कुरकुरतात. गाबँच्या चित्रपटाला गोड शेवट दिला तर मात्र त्यांना फसवल्यासारखं वाटेल, असा त्याचा मुद्दा होता. गाबँ आपल्या करारात रागाच्या एका मोठ्या प्रसंगाची अट घालतो असं त्या काळी बोललं जायचं, तेही बाझँने नोंदवून ठेवलं आहे. खरं असो वा नसो, तो प्रसंग बहुतेक चित्रपटांत आहे. शांत, भला माणूस. कोणीतरी डिवचत राहतं. डोळे बारीक होतात, जबडा आवळतो, आणि हातून खून होतो. त्यानंतर सुटका नाही.

म्हणजे 1939 साली गाबँच्या नावावर जमा होतं ते असं: नशिबाने घेरलेला, प्रेमात पडलेला, तरुण, कष्टकरी पुरुष. यातला 'तरुण' हा शब्द तेव्हा कोणाच्या लक्षातही आला नसेल.

मधली पाच वर्षं

1940 मध्ये फ्रान्स पडला. जर्मन पैशाने पॅरिसमध्ये काँतिनेंताल नावाची निर्मितीसंस्था उभी राहिली. गाबँने जर्मनांसाठी काम केलं नाही. 1941 च्या सुरुवातीला तो अमेरिकेला निघून गेला. हॉलिवुडमध्ये त्याचे दोनच चित्रपट झाले, फॉक्सचा 'मूनटाइड' (1942) आणि युनिव्हर्सलसाठी द्युव्हिव्हिएने केलेला 'द इम्पोस्टर' (1944). दोन्ही आज केवळ त्याच्यामुळे आठवतात. इंग्रजी त्याने शिकून घेतलं, पण ज्याची निम्मी जादू बोलीत होती त्याला परक्या भाषेत उभं करून काय साधणार? याच काळात त्याचं आणि मार्लेन डीट्रिश या जर्मन नटीचं जमलं. या नात्यावर पुस्तकंच्या पुस्तकं लिहिली गेली आहेत. आपल्या प्रकरणाला त्यातलं एकच लागतं, ते पुढे येईल.

1943 मध्ये तो स्वतंत्र फ्रेंच नौदलात दाखल झाला. प्रसिद्ध नटाला प्रचाराच्या कामात गुंतवणं सहज शक्य होतं. तो मात्र जनरल लेक्लेर्कच्या दुसऱ्या चिलखती डिव्हिजनमध्ये, नौसैनिकांच्या रणगाडा रेजिमेंटमध्ये गेला आणि 'सुफ्लर दोन' नावाच्या रणगाड्याचा प्रमुख झाला. चाळिशी गाठलेला माणूस, आसपास विशीतली पोरं. रॉयाँच्या लढाईपासून थेट हिटलरच्या डोंगरातल्या ठाण्यापर्यंत, बेर्ख्तेसगाडेनपर्यंत तो गेला. शौर्यपदकं मिळाली. 1945 च्या उन्हाळ्यात त्याला सेवेतून मोकळं केलं तेव्हा तो 41 वर्षांचा होता, अंगाने भरलेला, केस पांढरे.

चेहरा बदलला हे खरंच आहे. पण नुसता चेहरा बदलल्याने नट पडत नाही.

1946: चूक कोणाची?

परतल्यावर पहिलं काम दारात उभंच होतं. कार्ने आणि प्रेव्हेर 'ले पोर्त द ला न्युई' हा चित्रपट गाबँ आणि डीट्रिश यांना डोळ्यांसमोर ठेवून बांधत होते. डीट्रिशला पटकथा रुचली नाही, ती बाहेर पडली, आणि गाबँही गेला. त्यांच्या जागी इव्ह माँताँ आणि नाताली नाटिए हे दोन नवखे आले. चित्रपट साफ आपटला. कार्ने-प्रेव्हेर जोडी त्यानंतर फुटली. त्यातून जगाला मिळालं ते एक गाणं, जोसेफ कोस्माच्या चालीतलं 'ले फय मॉर्त', जे पुढे इंग्रजीत 'ऑटम लीव्ह्ज' म्हणून सगळीकडे पोचलं. तेव्हा गाबँने तो चित्रपट सोडून घोडचूक केली असं म्हणायला जागा नाही. केला असता तर त्याच्यासह आपटला असता.

चूक त्याने त्याऐवजी जे केलं त्यात आहे. युद्धाआधी त्याने एका कादंबरीचे हक्क विकत घेऊन ठेवले होते. त्याच कादंबरीवर डीट्रिशला घेऊन त्याने 'मार्तँ रूमान्याक' उभा केला. दिग्दर्शक जॉर्ज लाकोंब. गाबँ त्यात लहान गावातला बांधकाम ठेकेदार आहे. डीट्रिश त्या गावात पक्ष्यांचं दुकान चालवते. प्रेम, संशय, संतापाचा झटका, खून, खटला, आणि शेवटी गाबँ एका तरुणाच्या गोळीसमोर स्वतःहून उभा राहतो. म्हणजे 1938 चा नमुना जशाच्या तसा. फरक इतकाच की 1938 मध्ये त्याच्यावर जे कोसळायचं ते बाहेरून यायचं: दारिद्र्य, लष्कर, पोलीस, कारखाना. मागे प्रेव्हेरची भाषा असायची, नेपथ्यकार त्रोनेरने उभारलेलं धुकं आणि ओल्या फरश्या असायच्या. इथे ठेकेदाराचं बरं चाललेलं आहे, गावात मान आहे, आणि सगळी शोकांतिका जगातल्या सर्वांत झगझगीत नटीला खेड्यातली दुकानदारीण मानण्यावर टेकलेली आहे. कोण मानणार? समीक्षकांनी फाडून खाल्लं.

मला या चित्रपटाचं महत्त्व वाटतं ते वेगळ्या कारणाने. हा कोणी निर्मात्याने गाबँवर लादलेला चित्रपट नव्हता. हक्क त्याचे, निवड त्याची, नायिका त्याची. लोकांनी गाबँला विसरलं असं म्हणण्याआधी हे पाहावं की पहिल्या संधीला खुद्द गाबँलाच जुना गाबँ हवा होता.

बाजार आणि माणसं

त्याच्या बाजूने बोलायचं तर परिस्थितीही साथ देणारी नव्हती. मे 1946 मध्ये फ्रान्स आणि अमेरिका यांच्यात ब्लुम-बर्न्स करार झाला आणि कर्जमाफीच्या बदल्यात फ्रेंच पडदे अमेरिकन चित्रपटांना खुले झाले. थिएटरांना दर तीन महिन्यांत फक्त चार आठवडे फ्रेंच चित्रपटांसाठी राखून ठेवायचे होते. युद्धात अडलेले हॉलिवुडचे चित्रपट धो-धो आले. 1948 मध्ये ती मुदत पाच आठवड्यांवर गेली, सरकारी मदतीचा कायदा झाला, इटलीबरोबर सहनिर्मितीची वाट निघाली, तेव्हा कुठे फ्रेंच निर्माते श्वास घेऊ लागले.

त्याहून मोठी अडचण माणसांची होती. ज्यांनी गाबँ घडवला ते सगळे पांगले होते. प्रेव्हेर मोठ्या चित्रपटांपासून दूर सरकला. ग्रेमियाँला काम मिळेना. रेन्वार अमेरिकेतच राहिला, आणि तिथून तो आला तो थेट आपल्याकडे. 1949-50 मध्ये गाबँ युरोपात भूमिका शोधत असताना त्याचा सर्वांत मोठा दिग्दर्शक बंगालमध्ये हुगळीच्या काठी 'द रिव्हर'चं चित्रीकरण करत होता आणि तरुण सत्यजित राय त्याला भेटायला जात होते. हा योगायोग मला नेहमी चकित करतो. त्यातून निष्कर्ष मात्र काही निघत नाही.

1949 ते 1953: पाच प्रयोग

'मिरवार' (1947) सोडून देऊ. तो पाहून काही हाती लागत नाही.

रेने क्लेमाँचा 'ओ-दला दे ग्रिय' (1949) ही खरी परीक्षा होती. इटलीबरोबरची सहनिर्मिती, जेनोआ बंदर, बॉम्बने पोखरलेल्या इमारती. गाबँ प्रेयसीचा खून करून जहाजात लपून पळालेला फ्रेंच माणूस आहे. तो बंदरात उतरतो कशासाठी? दाढ दुखते म्हणून. हा तपशील मला फार मोलाचा वाटतो. 1937 चा पेपे अल्जिअर्सच्या किल्ल्यासारख्या वस्तीतून बाहेर आला तो बाईच्या ओढीने. 1949 च्या गाबँला दाताच्या डॉक्टरची गरज आहे. पटकथेला त्याचं वय समजलेलं आहे. पण पुढे तीच बाई, तेच दोन दिवसांचं प्रेम, तेच पोलीस. बाझँला यात गाबँची जुनी दंतकथा स्वच्छ दिसली यात नवल नाही. या चित्रपटाला कान शहरातल्या चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं, इसा मिरांदाला अभिनेत्रीचं मिळालं, पुढे ऑस्करचा विशेष पुरस्कारही मिळाला. गाबँला काही नाही.

त्याच वर्षी तो रंगमंचावर गेला, आंरी बेर्नस्टाइनच्या नाटकात. आणि त्याच वर्षी त्याने दोमिनिक फूर्निए हिच्याशी लग्न केलं. तिच्यापासून त्याला तीन मुलं झाली. डीट्रिशचं पर्व संपलं.

मग आला कार्नेचा 'ला मारी द्यु पोर' (1950), सिमेनाँच्या कादंबरीवरून. या चित्रपटाकडे फार कमी लोकांचं लक्ष जातं आणि माझ्या मते गाबँचा दुसरा डाव इथे सुरू होतो, 1954 मध्ये नव्हे. गाबँ यात शेरबुर्गमध्ये उपाहारगृह आणि सिनेमा थिएटर चालवतो. पोट भरलेलं, खिसा भरलेला, बाईच्या बाबतीत थोडा आळसावलेला. निकोल कूर्सेल ही वीसही न गाठलेली पोरगी त्याला आपल्या गतीने नाचवते आणि शेवटी लग्नाला उभं करते. कोणी मरत नाही. गाबँ पहिल्यांदाच अशा माणसाचं काम करतो ज्याच्याजवळ गमावण्यासारखं काही आहे आणि जो ते गमावत नाही. प्रेक्षकांना धक्का बसावा असं त्यात काही नव्हतं, आणि बहुधा तेच कमी पडलं.

1951 मध्ये लाकोंबच्या 'ला न्युई ए माँ रोयोम'साठी त्याला व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं बक्षीस मिळालं. नटाला कोणी विचारत नव्हतं ही गोष्ट इथे पार कोलमडते. मग या बक्षिसाने त्याचं नशीब का पालटलं नाही? चित्रपट पाहिला की उत्तर सापडतं. गाबँ यात अपघातात दृष्टी गेलेला इंजिन ड्रायव्हर आहे. 'ला बेत युमेन'साठी त्याने खरोखर इंजिन चालवायला शिकून घेतलं होतं. तोच इंजिन ड्रायव्हर आता आंधळा होऊन परत आला आहे. काम उत्तमच आहे, पण सगळी करुणा जुन्या गाबँची आठवण काढून मिळवलेली आहे. परीक्षकांना ते भावलं. निर्मात्यांना त्यातून पुढच्या चित्रपटाची वाट दिसली नाही, कारण तशी वाट त्यात नव्हतीच.

1952 साल विचित्र आहे. आंरी दक्वँच्या 'ला व्हेरिते स्युर बेबे दाँज'मध्ये गाबँ एक श्रीमंत कारखानदार आहे, ज्याला त्याच्या बायकोने विष घातलं आहे. तो इस्पितळाच्या खाटेवर पडून आपलं लग्न आठवत राहतो. बायको दानिएल दारिए. आपण या बाईशी कसे वागलो हे त्याला मरता मरता कळतं, आणि तिला ते कळून काही उपयोग नाही. नटाने आपल्या जुन्या प्रतिमेविरुद्ध उघड साक्ष द्यावी असं हे काम आहे: बायकांसाठी जीव देणारा तो गाबँ कुठे आणि बायकोला निर्विकारपणे वाळीत टाकणारा हा कुठे. आज जाणकार या चित्रपटाला मोठा मानतात. तेव्हा तो चालला नाही. दिग्दर्शक ओफ्युल्सच्या 'ल प्लेझिर'मध्येही तो त्याच वर्षी दिसतो, नॉर्मंडीतल्या खेड्यातला सुतार म्हणून, थोडाच वेळ. वेश्यागृहाच्या मालकिणीचा भाऊ आहे तो. पाहुण्या आलेल्या बायकांना घोडागाडीतून आणतो-नेतो आणि त्यांच्यातल्या एकीवर लट्टू होतो. हलकं, मजेदार काम. गाबँला हसवता येतं हे सगळे विसरले होते.

1953 च्या 'लर देर्निएर न्युई'मध्ये तो दिवसा ग्रंथपाल आणि रात्री टोळीचा म्होरक्या आहे, आणि शेवटी अर्थातच मरतो. एक पाऊल पुढे, दोन मागे.

ग्रिस्बी

जाक बेकेर हा रेन्वारचा जुना साहाय्यक. 'ला ग्रांद इल्युझियाँ'च्या सेटवर तो होता, त्यात त्याने एका इंग्रज अधिकाऱ्याचं छोटं कामही केलं आहे. 1953 मध्ये त्याने आल्बेर सिमोनँची नवी गुन्हेगारी कादंबरी हाती घेतली. गाल्लिमार या प्रकाशनसंस्थेच्या 'सेरी न्वार' मालेतली, पॅरिसच्या गुंडांच्या बोलीने गच्च भरलेली. ग्रिस्बी म्हणजे माल, लुटीचा पैसा. मुख्य भूमिका आधी दानिएल जेलँकडे गेली होती. तो जेमतेम तिशीचा, त्याने आपण या कामाला लहान आहोत म्हणून नाही म्हटलं. गाबँ आला तेव्हा 49 वर्षांचा होता.

गोष्ट अशी. माक्स आणि रितोँ हे दोन जुने दोस्त. ओर्ली विमानतळावर त्यांनी 5 कोटी फ्रँकचं सोनं लुटलं आहे. लुटीचा प्रसंग चित्रपटात नाहीच, चित्रपट सुरू होतो तेव्हा ते होऊन गेलं आहे. माक्सला आता निवृत्त व्हायचं आहे. रितोँ मूर्खपणाने आपल्या तरुण मैत्रिणीजवळ बढाई मारतो, ती आपल्या नव्या मित्राला सांगते, तो टोळी घेऊन मागे लागतो. मैत्रीण जान मोरो, तेव्हा पंचविशीची. टोळीवाला लिनो व्हेंतुरा, कुस्तीच्या रिंगणातून आलेला, पहिलाच चित्रपट. शेवटी माक्सला सोनं आणि दोस्त यांतलं एक निवडायचं असतं.

पण ज्या प्रसंगासाठी हा चित्रपट आठवतो त्यात बंदूक नाही. माक्स रितोँला आपल्या गुप्त फ्लॅटवर आणतो. थंड पांढरी वाइन काढतो, पातेची, म्हणजे मांसाच्या मऊ लगद्याची, बरणी काढतो, टोस्टचं पाकीट. दोघं टेबलाशी बसतात आणि खातात. बेकेर घाई करत नाही. टोस्टवर पाते पसरायला जितका वेळ लागतो तितका तो देतो. माक्स दोस्ताला सांगतो की ती पोरगी तुझी नाही, स्वतःकडे बघ जरा. मग कपाटातून इस्त्री केलेला पायजमा काढून देतो, टॉवेल देतो, नवा टूथब्रश देतो. दोघं आलटून पालटून दात घासतात. रितोँ आरशात आपल्या गालांवरून, डोळ्यांखालच्या पिशव्यांवरून हात फिरवतो. माक्स पलंग दोस्ताला देतो आणि झोपायला जातो.

पंधरा वर्षांपूर्वी याच नटाने खोलीत कोंडून घेऊन रात्र काढली होती ती मरण्यासाठी. हा गाबँ मध्यरात्रीनंतर जांभया देतो. क्लबात नाचणाऱ्या बायका आहेत, त्याची स्वतःची श्रीमंत अमेरिकन मैत्रीण आहे, आणि त्याला घरी जाऊन झोपायचं आहे. बाईसाठी कोणी मरत नाही. पोरगी रितोँला सोडून गेली याला चित्रपट शोकांतिका मानतच नाही. शोकांतिका आहे ती दोस्त जाण्यात. तरुण समीक्षक त्रुफोने तेव्हाच लिहिलं होतं की या चित्रपटाचा खरा विषय वय होणं आणि मैत्री हा आहे. ते बरोबर आहे, आणि गाबँच्या प्रकरणाचा उलगडाही तोच आहे. आधीच्या चित्रपटांनी त्याचं वय एकतर लपवलं, नाहीतर आंधळेपणा, विष, दाढदुखी असं काहीतरी निमित्त काढून ते मान्य केलं. बेकेरने ते सरळ टेबलावर मांडलं.

आणि एक गोष्ट जी मला त्याहून महत्त्वाची वाटते. माक्स हा कष्टकरी नाही. त्याचे सूट दोन बटणांच्या रांगांचे, शिवून घेतलेले. त्याच्या चाव्यांच्या जुडग्यात अशा घरांच्या चाव्या आहेत ज्यांची कोणाला कल्पना नाही. नशीब त्याला हाकत नाही. तो ठरवतो, आणि ठरवल्याची किंमत मोजतो. सोनं सोडून तो दोस्ताला परत मागतो तेव्हा रागाचा झटका येत नाही. सगळं खालच्या आवाजात होतं. रागाचा मोठा प्रसंग मागणारा नट इथे फक्त दोन-चार थोबाडीत मारतो, तीही कामाचा भाग म्हणून.

मार्च 1954 मध्ये चित्रपट लागला. फ्रान्समध्ये सुमारे 47 लाख तिकिटं विकली गेली. त्या वर्षी व्हेनिसने त्याला दुसऱ्यांदा अभिनेत्याचं बक्षीस दिलं, 'ग्रिस्बी' आणि कार्नेचा 'लेर द पारी' या दोन्हींसाठी मिळून. 'लेर द पारी'त तो मुष्टियुद्धाचा म्हातारा होत चाललेला प्रशिक्षक आहे, जो स्वतः रिंगणात उतरत नाही, पोराला उतरवतो. म्हणजे 'ग्रिस्बी' नसता तरी गाडी त्याच रुळावर येत होती. 'ग्रिस्बी'ने ती वेगात आणली, आणि मुख्य म्हणजे निर्मात्यांना एक नमुना दिला ज्याची नक्कल करता येईल.

नक्कल

आणि ती झाली. लगेच 1955 मध्ये 'राझिया स्युर ला श्नुफ', पुन्हा गुन्हेगारी जग, पुन्हा व्हेंतुरा. रेन्वार परत आला आणि 'फ्रेंच कँकँ'मध्ये त्याने गाबँला मुलँ रूझचा संस्थापक केला, जिथे गाबँने कधीकाळी गाणी म्हटली होती. 'गाझ-ऑइल'पासून मिशेल ओदियार त्याचे संवाद लिहू लागला. क्लोद ओताँ-लाराच्या 'ला त्राव्हेर्से द पारी'त (1956) तो आणि बुरव्हिल जर्मनव्याप्त पॅरिसमधून रात्री काळ्याबाजाराचं डुकराचं मांस सुटकेसांत भरून नेतात. माझ्या लेखी युद्धानंतरचं त्याचं सर्वांत मोकळं काम ते. व्हेनिसचं बक्षीस त्यासाठी बुरव्हिलला मिळालं.

पुढे तो सिमेनाँचा पोलीस अधिकारी मेग्रे झाला, 'ले मिझेराब्ल'चा जाँ व्हालजाँ झाला, बँकर झाला, पंतप्रधान झाला. पडद्यावरचा पगारी माणूस संपला आणि मालक सुरू झाला. पडद्याबाहेरही तसंच, नॉर्मंडीत त्याने जमीन घेतली, गाईगुरं आणि शर्यतीचे घोडे पाळले. जुलै 1962 मध्ये काही शे शेतकऱ्यांनी रात्री त्याच्या घराला घेराव घातला, की नट जमिनी घेत सुटले तर तरुण शेतकऱ्यांनी काय करायचं? कष्टकऱ्यांचा नट म्हणून मोठा झालेल्या माणसाला ते फार लागलं. दोष कोणाचा यात पडत नाही, पण शेतकऱ्यांचा प्रश्न चुकीचा नव्हता. पुढच्या वर्षी त्याने फेर्नांदेलबरोबर स्वतःची निर्मितीसंस्था काढली.

दुसऱ्या डावाची किंमत इथे दिसते. 1946 मध्ये तो तरुण गाबँची नक्कल करत होता. 1960 नंतर तो माक्सची करू लागला. ग्रांजिए, द्लानुआ, द ला पातेलिएर, व्हेर्नई हे त्याचे ठरलेले दिग्दर्शक. सगळे कसबी, त्याला अडचणीत न टाकणारे. 1963 च्या 'मेलोदी आँ सू-सोल'मध्ये तुरुंगातून सुटलेला म्हातारा आलँ दलोँला बरोबर घेऊन कानच्या जुगारखान्यावर शेवटचा दरोडा घालतो. मजा येते पाहायला, पण सगळं ओळखीचं असतं. संतापाचा प्रसंग परत आला होता, आता ओदियारच्या खटकेबाज वाक्यांत, आणि प्रेक्षक त्याची वाट बघत बसायचे. नव्या लाटेच्या, म्हणजे त्रुफोसारख्या नव्या दमाच्या दिग्दर्शक पोरांना तो नको होता, त्यालाही ती पोरं नको होती. दोन्ही बाजूंचं त्यात नुकसान झालं असं मला वाटतं.

एकदाच कोणीतरी पुन्हा बेकेरसारखी हिंमत केली. पिएर ग्रानिए-दफेरच्या 'ल शा'मध्ये (1971) तो निवृत्त मुद्रक आहे, सिमोन सिन्योरे त्याची बायको. भोवतालचा मोहल्ला पाडला जातो आहे, घरं जमीनदोस्त होताहेत, आणि ही दोघं एका छपराखाली एकमेकांशी बोलत नाहीत, चिठ्ठ्या टाकतात. ना खटके, ना मालकी, ना सूट. बर्लिनमध्ये दोघांनाही अभिनयाची बक्षिसं मिळाली. निर्मात्यांनी मात्र त्यानंतरही त्याच्याकडे आणलं ते नेहमीचंच: 1972 मध्ये पोलीस अधिकारी, 1974 मध्ये न्यायाधीश, आणि 1976 मध्ये पाद्र्याच्या वेशात तुरुंगातून पळालेला म्हातारा दरोडेखोर. तो शेवटचा चित्रपट ठरला. त्याच वर्षी 15 नोव्हेंबरला गाबँ गेला.